बिऱ्हाडाचं भाडं

नगर जिल्ह्यात बिऱ्हाडं हलण्याचे दोन हंगाम असतात. पहिला मे-जूनचा. शाळांना सुट्ट्या लागतात, बदल्यांच्या याद्या निघतात, अकरा महिन्यांचे करार संपतात आणि सावेडी, केडगाव, भिंगारच्या गल्ल्यांतून टेम्पो मागे घेताना 'येऊ द्या, येऊ द्या'चा पुकारा सुरू होतो. दुसरा हंगाम दसऱ्यानंतरचा. पाथर्डी, शेवगाव, जामखेडकडच्या वाड्या-वस्त्यांवर ट्रॅक्टर येऊन उभे राहतात, मागे दोन-दोन ट्रॉल्या, आणि बघता बघता गावं निम्मी होतात. पहिल्या हंगामाची जाहिरात विजेच्या खांबावर दिसते : 'पॅकर्स अँड मूव्हर्स', खाली मोबाइल नंबर. दुसऱ्याची कुठेच दिसत नाही. तिची गरजही नसते, कारण त्या गाडीत कोण बसणार हे आषाढातच ठरलेलं असतं.

(जिल्ह्याचं नाव ऑक्टोबर २०२४ मध्ये अधिकृतपणे अहिल्यानगर झालं. बोलण्यात अजून नगर येतं, या लेखातही येईल. गाड्यांच्या पाट्या तर नावाच्या भानगडीत पडतच नाहीत. दक्षिणेचा एमएच १६ आणि श्रीरामपूरचा एमएच १७ जसाच्या तसा आहे.)

सामान हलवण्याच्या धंद्यावर लिहायचं म्हटलं की लेखणी आपोआप शहरी ग्राहकाकडे वळते. काचसामान कसं बांधावं, कंपनी खरी की खोटी कशी ओळखावी, वगैरे. ते सगळं ठीक आहे. पण क्षेत्रफळानं महाराष्ट्रात सर्वात मोठ्या असलेल्या या जिल्ह्यात, चौदा तालुके आणि सतरा हजार चौरस किलोमीटरच्या पसाऱ्यात, माणसं इतक्या तऱ्हांनी घर हलवतात की त्या सगळ्यांना एकच प्रश्न विचारावासा वाटतो : गाडीचं भाडं कोण भरतं? या एका उत्तरावर बाकीचं सगळं ठरतं. सामान किती न्यायचं, ते कोण बांधणार, फुटलं तर कोणाचं फुटलं आणि मुळात जायचं की नाही, हेसुद्धा.

भिंगारपासून सुरुवात करू. इथेच १४९० मध्ये मलिक अहमदनं बहमनी फौजेला हरवलं, पुढे शहर वसवलं आणि जुन्नरचा दरबार इकडे आला. म्हणजे या शहराची सुरुवातच एका मोठ्या बिऱ्हाडबदलातून झाली. आज भिंगार म्हणजे छावणी. रणगाडा दलाचं आर्मर्ड कोअर सेंटर अँड स्कूल इथे, मेकॅनाइज्ड इन्फंट्रीचं रेजिमेंटल सेंटर इथे, लष्करी वाहनांवर संशोधन करणारी व्हीआरडीई पण इथेच. देशाच्या कानाकोपऱ्यातून माणसं येतात, दोन-तीन वर्षं राहतात आणि पुढच्या ठाण्याला निघून जातात. एखाद्या गावात पोस्टमन जितका नेमानं दिसतो तितक्या नेमानं इथल्या रस्त्यांवर सामानाचा कंटेनर दिसतो.

फौजी घराचं सामान ओळखायला त्यातल्या काळ्या पेट्या पुरतात. लोखंडी, दोन्ही बाजूंना कड्या, झाकणावर पांढऱ्या रंगात नंबर, हुद्दा, नाव. पेटी जुनी असेल तर खालचा हुद्दा पुसून वरचा रंगवलेला दिसतो. खरवडलेल्या रंगाखालून जुनी अक्षरं डोकावत असतात. नोकरीच्या सुरुवातीला दोन-चार पेट्या, निवृत्तीच्या वेळी खोलीभर. मधल्या काळात यातल्या काही पेट्या उघडल्याच जात नाहीत. गाद्या घालून त्यांचा दिवाण होतो, पुढच्या बदलीला तशाच गाडीत चढतात. फ्रिज आणि वॉशिंग मशीनला लाकडी क्रेट. घरातली मुलंसुद्धा सराईत झालेली असतात. कोणतं खेळणं शेवटच्या दिवशी पेटीत टाकायचं आणि कोणतं नव्या घरी पहिल्या रात्री लागणार, हे त्यांना सांगावं लागत नाही.

इथे भाडं सरकार भरतं, आणि सरकारचा हिशेब मोठा वाचनीय आहे. सातव्या वेतन आयोगानंतर बदली झालेल्या केंद्रीय कर्मचाऱ्याला वीस किलोमीटरपेक्षा लांब जायचं असेल तर मूळ वेतनाच्या ८० टक्के इतका एकरकमी बदली भत्ता मिळतो. सामानाचा खर्च वेगळा. पगाराच्या लेव्हल सहापासून वरच्यांना ६००० किलो, लेव्हल पाचला ३००० किलो, चार आणि त्याखालच्यांना १५०० किलो. यातला तर्क उघड आहे : पगार कमी तर सामान कमी. पण खालच्या लेव्हलच्या घरातसुद्धा फ्रिज, कपाट, पलंग, मोटारसायकल आणि गावाकडून आणलेली गव्हाची पोती असतातच. साहेबाच्या आणि शिपायाच्या संसारात चौपट वजनाचा फरक असतो, हे कुठल्या काट्यावर जोखलं होतं कोण जाणे.

पॅकर्स अँड मूव्हर्स हा धंदा आपल्याकडे उभा राहिला तो अशाच बदल्यांच्या जोरावर. या व्यवसायातलं सर्वात परिचित नाव असलेल्या अग्रवाल पॅकर्स अँड मूव्हर्सची सुरुवात १९८७ची, आणि संस्थापक रमेश अग्रवाल हे हवाई दलातून बाहेर पडलेले. हा योगायोग नव्हे. ज्या माणसाला दर तीन वर्षांनी जावंच लागतं आणि ज्याचं बिल दुसरं कोणी भरतं, तो या धंद्याचा आदर्श ग्राहक. छावण्या, बँका, विमा कंपन्या, सरकारी उपक्रम यांच्या बदल्यांनी या धंद्याला पहिली बरीच वर्षं पोसलं. आयटीतले ग्राहक नंतर आले.

बिल दुसरा भरतो याची एक काळी बाजूही आहे, आणि ती या धंद्यात सगळ्यांना ठाऊक आहे. सामान टेम्पोतून स्वस्तात न्यायचं किंवा निम्मं विकून टाकायचं, आणि कार्यालयात सादर करायला मोठ्या रकमेचं बिल नुसतं विकत घ्यायचं. बिल करून देणारे असतात. चौकशीत गाडीचा नंबर तपासला की ती स्कूटर निघते, असले किस्से ऑडिटवाल्यांच्या जेवणाच्या सुट्टीत चवीनं सांगितले जातात. माझ्या मते या धंद्याची पत जेवढी फुटलेल्या काचांनी घालवली, तेवढीच या कागदांनी.

आता खिसा स्वतःचा असला की काय होतं ते पाहू.

खासगी ग्राहक फोन करतो. पूर्वी सर्व्हेला माणूस यायचा, हल्ली व्हिडिओ कॉलवर घर फिरवून दाखवायला सांगतात. सामानाचा अंदाज घनफुटात काढला जातो. नगरहून बंगळूरला निघालेला दोन खोल्यांचा संसार अख्खा ट्रक भरत नाही, म्हणून तो 'पार्ट लोड'मध्ये जातो. म्हणजे छोट्या गाडीतून पुण्याच्या गोदामात, तिथे आणखी दोघा-तिघांच्या संसाराबरोबर एका कंटेनरमध्ये, मग पुढे. तुमच्या सोफ्याला कोणाची तरी सायकल टेकलेली असते. चढ-उतार जितक्या वेळा, मोडतोड तितकी जास्त. नगरमध्ये मोठ्या कंपन्यांचे फलक दिसतात, पण काम पुष्कळदा स्थानिक माणूस करतो आणि लांबचा माल पुण्याच्या हवाली करतो.

ग्राहक सगळं वाचतो, फक्त बिल्टीची मागची बाजू वाचत नाही. मीही एकदा वाचली नव्हती. आजीच्या कपाटाचा बेल्जियन आरसा दोन तुकड्यांत उतरला, तेव्हा गाडीवाल्यानं शांतपणे कागद उलटा करून 'मालकाच्या जोखमीवर' हा शिक्का दाखवला. रस्त्यानं माल नेणाऱ्यांसाठी १८६५चा कायदा होता. त्याच्या जागी २००७चा कॅरेज बाय रोड कायदा आला, त्याचे नियम २०११ मध्ये लागू झाले. त्यानुसार वाहतूकदारानं नोंदणी करायला हवी, मालाची पावती द्यायला हवी. नुकसान झालं तर त्याची जबाबदारी, जास्त जोखमीचा दर ठरवून घेतला नसेल तर, भाड्याच्या दहापट रकमेपर्यंतच. म्हणजे भाडं पंधरा हजार असेल तर कमाल दीड लाख, मग आत पाच लाखांचा संसार का असेना. दावा लावण्याआधी १८० दिवसांच्या आत लेखी नोटीस द्यावी लागते. विमा उतरवायचा तर वस्तूंची यादी किमतीसह स्वतः लिहून द्यायची. इथेच मराठी मध्यमवर्ग अडतो. आरशाची किंमत काय लिहायची?

फसवणुकीची ठरलेली रीत अशी : सुरुवातीला हलका दर, सामान गाडीत चढलं की वाढीव दर. संसार ओलीस असताना घासाघीस करता येत नाही. प्रसिद्ध नावाशी मिळतंजुळतं नाव लावणाऱ्यांची तर रांगच आहे. यावर उपाय म्हणून नगरकर शेजाऱ्याला विचारून ओळखीचा टेम्पो ठरवतात, आणि पुण्यापर्यंतच्या अंतराला तो शहाणपणाच ठरतो.

कारण नगरकरांचं बहुतांश हलणं पुण्याकडेच आहे. अंतर एकशे वीस किलोमीटर. सकाळी सामान भरलं की दुपारी वाघोली, खराडी, चंदननगर. पुण्यातल्या त्या रस्त्याचं नावच नगर रस्ता, आणि त्याच्या कडेच्या सोसायट्यांत पारनेर-श्रीगोंद्याची आडनावं जिन्यागणिक भेटतात. टाटा एस ही गाडी २००५ मध्ये आली आणि लोकांनी तिचं बारसं 'छोटा हत्ती' असं केलं. छोट्या संसाराच्या स्थलांतराला तिनं जेवढी चालना दिली तेवढी क्वचितच कोणी दिली असेल. त्याआधी चारशेसात करावी लागे, तीही अर्धी रिकामी. छोटा हत्ती गल्लीत शिरतो, जिन्याशी लागतो. भाडं ठरवताना खरा मुद्दा परतीचा असतो. रिकामी फेरी मारावी लागणार असेल तर जाऊन-येऊनचं भाडं पडतं, आणि पुण्याचीच गाडी माल टाकून परत निघालेली सापडली तर निम्म्यात काम होतं. मार्केट यार्डाच्या आसपास चौकशी केली की अशा परतीच्या गाड्या सापडतात. ॲपवाल्यांनी हेच काम मोबाइलवर आणलं, एवढंच.

भाडं ठरलं तरी हमाली राहते. ती मजल्यागणिक. लिफ्ट आहे का, कपाट लिफ्टमध्ये मावतं का, गाडी दारापर्यंत येते का. हे तीन प्रश्न विचारल्याशिवाय कोणी जाणता हमाल आकडा बोलत नाही. महाराष्ट्रात माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगारांचा कायदा १९६९ पासून आहे आणि देशात तो नावाजला गेला. बाजार समितीत धान्याची पोती वाहणाऱ्याला त्यानं नोंदणी, लेव्ही, भविष्यनिर्वाह निधी असं बरंच काही मिळवून दिलं. पण तुमचं गोदरेजचं कपाट तिसऱ्या मजल्यावरून पाठीला पट्टा लावून उतरवणारी चार पोरं बहुधा कोणत्याच मंडळाच्या वहीत नसतात. मोठ्या कंपनीचा टीशर्ट अंगावर असला तरी ती रोजंदारीवर आलेली असतात. ग्राहक भाडं भरतो, सरकार भाडं भरतं, पण त्यातलं या पाठीपर्यंत किती पोहोचतं हे बिलात कुठेच दिसत नाही.

बाकी, पॅकर्सना कितीही पैसे द्या, काही वस्तू त्यांच्या हाती पडत नाहीत. देव्हाऱ्यातले देव लाल फडक्यात बांधून आजीच्या मांडीवर. दागिने आईच्या पर्समध्ये. आणि लोणच्याची बरणी, तोंडाला दादरा बांधलेली, कारमध्ये पायांशी. नव्या ओट्यावर दूध उतू घालेपर्यंत घरातल्या बायकांचा जीव या तीन गोष्टींत असतो. पितृपक्षात कोणी सहसा जागा बदलत नाही, तेव्हा टेम्पोवालेही इंजिनाचं काम काढून घेतात.

टेम्पोच्या आधी एसटी होती. १ जून १९४८ रोजी राज्यातली पहिली एसटी धावली ती पुण्याहून नगरला. त्यानंतरची कित्येक वर्षं मास्तर, तलाठी, ग्रामसेवक यांचे संसार एसटीच्या टपावरूनच हलले. दोन वळकट्या, एक ट्रंक, स्टोव्ह, भांड्यांचं पोतं. कंडक्टर लगेजचं तिकीट फाडायचा आणि नव्या गावात उतरलं की शाळेतली पोरंच सामान डोक्यावर घेऊन मास्तरांच्या खोलीवर पोहोचवायची. त्या पिढीचा बदलीचा खर्च असा तिकिटावर भागायचा.

आज जिल्हा परिषदेच्या शिक्षकांच्या बदल्या ऑनलाइन होतात. २०१७च्या धोरणानं शाळांची 'सर्वसाधारण' आणि 'अवघड' अशी वाटणी केली. अकोले तालुक्याच्या डोंगरातली शाळा अवघड क्षेत्रात. पण या बदल्यांनी पॅकर्सचा धंदा काही वाढत नाही. शिक्षक संगमनेरमध्ये किंवा तालुक्याच्या गावी राहतो, मोटारसायकलवर अप-डाऊन करतो. मुलांच्या शाळा, क्लास, बायकोची नोकरी, घेतलेल्या फ्लॅटचा हप्ता, यातलं काही बदलीच्या यादीबरोबर हलत नाही. मुख्यालयी राहण्याची अट मात्र कायम आहे आणि घरभाडे भत्ता तिच्याशी बांधलेला. त्यामुळे जिल्ह्यातली कितीतरी बिऱ्हाडं फक्त कागदोपत्री हलतात. त्यांना ना गाडी लागते, ना हमाल.

जायकवाडी धरणाचं थोडक्यात सांगतो, कारण तिथे प्रश्न उलटा होता. सामान नेण्यापेक्षा मागे काय बुडतंय तो हिशेब मोठा. १९६५ मध्ये लालबहादूर शास्त्रींच्या हस्ते पायाभरणी, १९७६ मध्ये इंदिरा गांधींच्या हस्ते लोकार्पण. त्याच्या नाथसागर जलाशयाच्या फुगवट्यात पैठण-गंगापूरबरोबर शेवगाव आणि नेवाशाची गावं गेली. लोकांनी घरांचे वासे, चौकटी, दारं सोडवून बैलगाड्यांत घातली, कारण नवं घर त्याच लाकडावर उभं करायचं होतं. प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा राज्याचा कायदा आला तोही १९७६ मध्येच. तोवर गाड्या निघून गेल्या होत्या.

आणि पारनेर तालुक्यातल्या ढवळपुरीकडचे मेंढपाळ. घर हलवण्याची कला कोणाला अवगत असेल तर या धनगरांच्या बायकांना. खरिपाची कापणी झाली की मेंढ्यांचे वाडे सह्याद्री उतरून कोकणाकडे निघतात आणि पावसाच्या आधी माघारी येतात. कोकणातल्या पावसात, चिखलात मेंढीचे खूर टिकत नाहीत. अख्खं बिऱ्हाड घोड्यांच्या पाठीवर. वाघरीची जाळी, काठ्या, पिठाची पोती, भांडी, वर कोंबड्या, नुकतीच जन्मलेली कोकरं आणि कधी कधी चालता न येणारं लेकरूही. सकाळी मुक्काम मोडायचा, घोडी भरायची, बाईनं घोडी घेऊन सरळ वाटेनं पुढच्या मुक्कामी जायचं आणि तिथे चूल मांडायची. मेंढ्या चरत चरत लांबच्या वाटेनं मागून येतात. दोन्ही बाजूंचं वजन सारखं नसेल तर घोडं चालत नाही, म्हणून कोणती वस्तू कोणत्या बाजूला हे ठरलेलं, आणि रोज तेच. घनफुटाचा हिशेब करणाऱ्यांनी एकदा हे भरणं बघावं.

यातली गंमत अशी की या साऱ्या प्रवासाचं भाडं शेतकरी भरतो. रात्री त्याच्या शेतात मेंढ्या बसवल्या की लेंडीखत मिळतं, त्याबद्दल तो धान्य देतो किंवा रोख देतो. संपूर्ण जिल्ह्यात घर हलवून वर पैसे कमावणारे हेच. आता वाटेतली गायरानं आकसली, शेतांना तारेची कुंपणं पडली, रस्त्यावर गाड्या वाढल्या. काही वाडे मेंढ्यांसकट टेम्पोत चढतात. तेव्हा मात्र भाडं त्यांच्याच खिशातून जातं.

राहिला दसऱ्यानंतरचा हंगाम.

नगर जिल्ह्याची उत्तर पाण्याची, दक्षिण आभाळाकडे बघणारी. गोदावरीचे कालवे आणि १९२६ मध्ये पुऱ्या झालेल्या भंडारदरा धरणाचे प्रवरा कालवे आले, तेव्हा ऊस आला. सासवडचे माळी बागायती कसायला कोपरगाव-बेलापूरकडे बिऱ्हाडं घेऊन आले. हरेगावला बेलापूर कंपनीचा खासगी कारखाना उभा राहिला. विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकारानं प्रवरेचा सहकारी कारखाना १९५०च्या अखेरीस धडधडला आणि मग सहकारी कारखान्यांची रांग लागली. ऊस लावणारे तिथलेच, पण तोडणारे हात दक्षिणेच्या कोरडवाहू पट्ट्यातून आणि शेजारच्या बीडमधून यायला लागले. १९७२च्या दुष्काळानं तो ओघ घट्ट केला. पाथर्डी तालुक्याला स्वतःचा वृद्धेश्वर कारखाना आहे, तरी तिथली माणसं उत्तरेला राहात्या-संगमनेरला, दक्षिणेला सांगली-कोल्हापूरला आणि पार कर्नाटकात जातात.

ही व्यवस्था एखाद्या पॅकर्स कंपनीला लाजवेल अशी बांधलेली आहे. कारखाना तोडणी आणि वाहतुकीचा करार ट्रॅक्टरमालकाशी करतो, त्याला आगाऊ रक्कम मिळते किंवा त्याच्या नावावर कर्ज उभं राहतं. तो मुकादमाला पैसे देतो. मुकादम पावसाळ्यात घरोघर जाऊन जोडप्यांना उचल देतो. मोजमाप कोयत्यात : नवरा-बायको मिळून एक कोयता, एकटा माणूस अर्धा कोयता. उचल पन्नास हजारांपासून लाखापर्यंत, कधी त्याच्याही वर. आषाढ-श्रावणात घरात पैशाची चणचण असते, कोणाचं लग्नाचं कर्ज, कोणाचं दवाखान्याचं, आणि नेमकी तेव्हाच उचल दारात येते. ती घेतली की दसऱ्यानंतरची गाडी बुक झाली. माणसानं स्वतःला बुक केलं असंही म्हणता येईल.

मोहटादेवीची नवरात्रातली यात्रा उरकली की भरणं सुरू होतं. ट्रॉलीच्या तळाला बाजरी-ज्वारीची पोती, कारण ती दबत नाहीत. त्यांवर पत्र्याची पेटी, हंडे-कळशी, भांड्यांचं बाचकं. कडेनं बांबू आणि गुंडाळलेली ताडपत्री. तेच पुढच्या पाच महिन्यांचं घर. कोयते गोणपाटात लपेटून एका बाजूला, लेकरांच्या पायाला लागू नयेत म्हणून. अंथरुणं सगळ्यांत वर, कारण त्यांवर माणसं बसणार. कोंबड्या डालग्यात, शेळी फाळक्याला बांधलेली. अलीकडे पाच किलोचा सिलिंडर, सौर दिवा आणि चार्जरच्या वायरींची गुंडाळी यात वाढली. भिंगारच्या घरात 'किचन पॅकिंग' हा बिलातला वेगळा आकडा असतो. इथे चूल मोडणं, पोती शिवणं, पोहोचल्यावर कोपी उभारून त्याच रात्री भाकरी थापणं, हे सगळं बाईकडे, आणि सकाळी सहाला ती उसाच्या फडात हजर हवी. कोयत्याचा भाव दोघांचा मिळून निघतो, त्यात या कामाला जागा नाही.

मागे राहतात म्हातारी माणसं आणि शाळेत जाणारी काही पोरं. त्यांच्यासाठी हंगामी वसतिगृहांची योजना आहे. पण आजीची तब्येत बरी असेल तरच पोर मागे ठेवायचं, असं गणित पुष्कळ घरांत असतं. लहानगी मात्र ट्रॉलीतच.

बिऱ्हाड एकदाच हलतं असंही नाही. बैलगाडीवाल्यांचा, म्हणजे गाडी सेंटरचा, अड्डा कारखान्याजवळ एका जागी असतो. ऊस डोक्यावरून वाहणाऱ्या डोकी सेंटरवाल्यांना फड संपला की दुसऱ्या गावच्या शिवारात जावं लागतं : कोपी मोडा, ट्रॉलीत घाला, पुन्हा उभारा. ज्या ट्रॅक्टरनं ऊस कारखान्यात जातो त्याच ट्रॅक्टरनं संसार पुढच्या फडात. मालवाहू गाडीत माणसं बसवणं कायद्याला मंजूर नाही हे सगळ्यांना ठाऊक आहे. ट्रॉलीच्या मागे रिफ्लेक्टर लावण्याची मोहीम दर हंगामात निघते, आणि दर हंगामात अंधारातल्या ट्रॉलीच्या अपघाताची बातमी येते. फ्रिजला बबल शीट गुंडाळून विमा काढणाऱ्या जगापासून हे जग एकाच महामार्गानं जोडलेलं आहे.

मग याचं भाडं कोण भरतं? वरवर पाहिलं तर कोणीच नाही. मजुराला तिकीट लागत नाही, बिल मिळत नाही. पण गाडी, डिझेल, मुकादमाचं कमिशन, बुडालेल्या उचली, हे सगळं तोडणी-वाहतुकीच्या दरात बसवावं लागतं, आणि त्या दरातून मजुराच्या हाती काय उरवायचं हे वरचे लोक ठरवतात. जानेवारी २०२४ मध्ये साखर संघ आणि मजूर संघटनांच्या वाटाघाटींतून तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ ठरली. लोकनेते गोपीनाथराव मुंडे यांच्या नावाचं ऊसतोड कामगार कल्याण महामंडळ झालं, त्यासाठी कारखान्यांकडून उसाच्या टनामागे १० रुपये घ्यायचे ठरले. एप्रिल २०२०च्या टाळेबंदीत सुमारे १ लाख ३१ हजार मजूर कारखान्यांवर अडकलेले आहेत हा आकडा सरकारला जाहीर करावा लागला, तेव्हा त्यांना परत न्यायची जबाबदारी कोणाची हा प्रश्न पहिल्यांदा सगळ्यांसमोर आला. एरवी तो येत नाही. अपवाद एकच : हंगामात ग्रामपंचायतीची निवडणूक लागली, तर उमेदवार स्वखर्चानं जीपगाड्या पाठवून मतदारांना फडातून गावात आणतात आणि मतदान झालं की परत सोडतात. त्या एका दिवशी त्यांच्या प्रवासाला गादीचं सीट मिळतं.

आता कारखान्यांनी तोडणी यंत्रं घ्यायला सुरुवात केली आहे. मोठ्या, सलग, रुंद सरीच्या शेतात ती चालतात. बांधाबांधाच्या तुकड्यांत कोयताच लागतो. मुकादम सांगतात, टोळ्या जमवणं दिवसेंदिवस अवघड होतंय, पोरं पुण्याच्या बाजूला, सुप्याच्या आणि रांजणगावच्या कंपन्यांत जातात. तिथे ती छोट्या हत्तीनं जातात, स्वतः भाडं भरून, एक गादी, एक पंखा आणि एक शेगडी घेऊन. पाथर्डीतल्या एकाच घरात थोरला भाऊ अजून ट्रॉलीत चढतो आणि धाकटा वाघोलीत तिघांत मिळून खोली करतो, असं चित्र आता नवलाचं राहिलेलं नाही. धाकट्याला महिन्याच्या एक तारखेला खोलीचं भाडं द्यावं लागतं, थोरल्याच्या कोपीला भाडं नाही. आईला विचारलं तर ती धाकट्याची काळजी जास्त करते.

पाडव्याच्या आसपास टोळ्या माघारी येतात. हिशेब होतो : तोडलेले टन, त्यांचा भाव, त्यातून उचल वजा, खाडे वजा, मधल्या काळात उचललेला किराणा आणि औषधपाणी वजा. काहींचे पैसे सुटतात, ते घराच्या पत्र्याला किंवा बोअरला लागतात. पुष्कळांच्या नावावर बाकी राहते आणि ती पुढच्या हंगामावर ओढली जाते. ट्रॉलीतून उतरवलेली ताडपत्री धुऊन, वाळवून माळ्यावर जाते. बांबू पडवीत आडवे. रोहिणीचा पाऊस पडला तर बाजरीची पेरणी, नाही पडला तर रोजगार हमीची वाट. आणि आषाढाच्या एखाद्या संध्याकाळी मुकादम मोटारसायकल लावून ओट्यावर टेकतो, पाणी पितो, आणि वहीचं पान उलटत विचारतो, यंदा घरातून किती कोयते?